घोडदळातला माणूस घोड्यावर बसला नाही

मी संशयी आहे. आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कोणी नाक मुरडायला नको. भाजीवाल्या भैयानं स्वतःहून जास्तीची कोथिंबीर घातली, तर मी ती जुडी उलटीपालटी करून बघते. हा गुण बाबांचा. दूध घट्ट आलं की बाबा म्हणायचे, "आज यानं पाणी काहून नाही घातलं? कुठेतरी पाणी मुरतंय." आई हसायची, पण तीही गवळ्याला विचारून यायची.

अशा घरात, अशा मुलीला, घोडदळातल्या एका कॅप्टनचं स्थळ सांगून आलं.

तेव्हा राज्यांची फेररचना होऊन थोडाच काळ लोटला होता. नागपूर तिकडे मुंबई राज्यात गेलं, आम्ही जबलपूरवाले इकडे मध्य प्रदेशात राहिलो. गाड्या त्याच, रूळ तेच, पण नागपूरच्या सोयऱ्यांना आम्ही एकदम परमुलुखातले वाटायला लागलो. स्थळं येईनाशी झाली. एका घरून तर स्पष्टच कळवलं होतं, की मुलगी चांगली आहे, पण हिंदीत रागावते. अरे, मग कशात रागावू? शेजारी कोण मराठी समजणारं बसलंय?

मी जबलपूरच्याच गोरखपूर मोहल्ल्यातल्या एका मुलींच्या शाळेत इतिहास शिकवत होते आणि सत्तावीस उलटले होते. शहराच्या दुसऱ्या टोकाचे, अधारतालचे एक दुकानदार, बायको वारलेले, दोन मुलांचे वडील, निरोपावर निरोप धाडत होते. माणूस वाईट नव्हता. पण त्यांनी मला बघायच्या आधी माझ्या हातची भाकरी मागवून खाल्ली होती आणि मग होकार कळवला होता. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. आई म्हणाली, "हे कॅप्टनचं नाही जमलं, तर ते दुकान आहेच." म्हणजे माझ्यापुढे प्रश्न सरळ होता. या कॅप्टनवर भरवसा ठेवायचा, की अधारतालला भाकऱ्या थापायला जायचं.

कॅप्टन आमच्याच लोकांतले, पण देशावरचे. चौतिशीचे, उंच, सावळे, मोजकं बोलणारे. छावणीत कसल्याशा ऑफिसात त्यांची बदली झाली होती. रविवारी ते आमच्या मराठी मंडळाच्या क्रिकेट संघातून खेळायला यायचे, आणि तिथूनच मंडळाच्या सेक्रेटरींनी हे स्थळ सुचवलं. बाबांना पहिली शंका तिथेच आली. छावणीत साहेबलोकांचा संघ असताना हा माणूस आमच्या कारकुनांत काहून येऊन राहिला? साबुदाण्याच्या खिचडीसाठी?

आईनं एकदा ते त्यांना विचारलंच. ते म्हणाले, "हो, खिचडीसाठीच. आणि मराठी कानावर पडतं."

बाबा आत येऊन म्हणाले, "बघा, काही लपवून राहिला."

आता आमच्या घरची रीत सांगायला हवी. आमचे पूर्वज नागपूरकरांच्या फौजेबरोबर इकडे आले, घोड्यावर बसून. जमीन गेली, घोडे गेले, बाबा सरकारी कचेरीत फायली चाळून रिटायर झाले, तरी आम्ही शिलेदार. दर दसऱ्याला आमच्या अंगणात घोड्याची पूजा व्हायची. घोडा अर्थात भाड्याचा. मदन महल स्टेशनाच्या अड्ड्यावरून एक टांगेवाले चचा आपली घोडी सोडून आणायचे. तिला न्हाऊ घालून, हळदकुंकू लावून, झेंडूची माळ घालून, गूळ-चणे भरवले, की घरातला प्रत्येक पुरुष एकदा तिच्या पाठीवर बसायचा आणि गल्लीच्या टोकापर्यंत जाऊन आपट्याचं सोनं घेऊन परत यायचा. बाबांना दमा होता, ते स्टुलावरून चढायचे. आणि जावई व्हायचा असेल त्याला हे चुकायचं नाही. माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान बँकेत होते. ते डोळे मिटून, घोडीच्या मानेला मिठी मारून गेले आणि येताना झेंडूच्या ढिगात पडले. पण बसले ना! बाबा खूश. "चलो, हिंमत आहे," म्हणाले आणि लग्न ठरवून टाकलं.

त्या वर्षी दसऱ्याला कॅप्टनना बोलावलं. आईनं श्रीखंड केलं होतं. बाबांनी दोन शेजाऱ्यांना मुद्दाम उभं केलं होतं, कारण या वेळी घोडीवर खरा घोडदळातला माणूस बसणार होता. मी खिडकीत. माझं म्हणाल तर मला तो प्रकार बघायचाच होता. मनातल्या मनात मी त्यांना गल्लीच्या टोकापर्यंत दौडवून आणलंसुद्धा.

चचांनी घोडी पुढे आणली. कॅप्टननी तिच्या कपाळावरून हात फिरवला, गूळ भरवला आणि बाबांना म्हणाले, "मी बसणार नाही. मला घोड्यावर बसता येत नाही."

एका शेजाऱ्याला खोकला आला, तो त्यानं दाबला.

"घोडदळात आहात ना?" बाबांनी विचारलं.

"हो."

"मग?"

"मी भरती झालो तेव्हा घोडे गेले होते. आता रणगाडे आहेत. आमच्या रेजिमेंटचं नाव तेवढं घोडदळाचं राहिलं."

"म्हणजे लोखंडी गाडे चालवता आणि सांगता घोडदळ?"

"नाव आम्ही नाही ठेवलं," ते शांतपणे म्हणाले. "शिकवलं थोडंफार, पण मला जमलं नाही. उगाच बसून दाखवणं बरं नाही."

हात्तिच्या! बँकेतला माणूस बसला, दमेकरी माणूस बसला, आणि घोडदळातला म्हणतो मला येत नाही. शेजाऱ्यांसमोर तरी माणूस दोन मिनिटं चढून उतरला असता. श्रीखंड खाऊन ते गेले आणि बाबांनी दार लावून घेतलं. "तोतया आहे," बाबा म्हणाले. "कारकून असेल छावणीत. वर्दी भाड्यानं मिळते." आई म्हणाली, "अहो, तोतया असता तर बसला नसता का?" पण आईचं त्या दिवशी कोणी ऐकलं नाही. मीही नाही.

दुसऱ्याच दिवशी बाबा सायकल काढून सदरला गेले, छावणीच्या फाटकाशी. पहाऱ्यावरच्या शिपायाला विचारलं, "भैया, यहाँ घोड़ेवाली पलटन के कप्तान साहब कौन हैं?" तो म्हणाला, "घोड़ा? यहाँ घोड़ा कहाँ, बाबूजी! शादी के लिए चाहिए क्या?" बाबांच्या तोंडून निघून गेलं, "हाँ, शादी के लिए ही." त्या भल्या शिपायानं त्यांना बँडवाल्यांच्या गल्लीचा रस्ता सांगितला. बाबा घरी आले ते घामानं डबडबलेले आणि विजयी. छावणीत घोडाच नाही, हा त्यांचा पुरावा. आता ती छावणी घोड्यांची नव्हतीच, त्याला कोण काय करणार? पण शिलेदाराच्या घरात घोडदळ म्हणजे घोडा. घोडा नाही तर माणूस खोटा. इतका साधा हिशेब होता आमचा.

तिकडून अधारतालचा नवा निरोप आला. या खेपेला पुरणपोळी मागवली होती.

मी ठरवलं, आपण स्वतः बघायचं. पुढच्या रविवारी मंडळाचा सामना रेल्वेवाल्यांशी होता. खेळाडूंना पोहे द्यायचे म्हणून आईला घेऊन मी मैदानावर गेले. बाबाही आले, पण लांब एका झाडाखाली बसले, आपण यांच्यातले नाही असं दाखवत.

क्रिकेट मला तेव्हा फारसं कळत नव्हतं, पण माणूस कळत होता. कॅप्टन खेळायला उतरले आणि मंडळाचे सगळे कारकून ताठ होऊन बसले. ते फटके मारायचे तेही मोजकं बोलल्यासारखे. घाई नाही, दिखावा नाही, चेंडू मात्र कुंपणाशी. मंडळ जिंकायला आलं होतं. आमचे सेक्रेटरी उभे राहून टाळ्या वाजवून राहिले होते. मग एक चेंडू आला, यांनी बॅट घातली आणि मागच्या यष्टिरक्षकानं तो झेलला. तो ओरडला. अंपायर होते आमच्याच मंडळाचे खजिनदार. त्यांनी जोरात मान हलवली, नाबाद. रेल्वेवाले कुरकुरत परत आपापल्या जागी निघाले.

आणि या माणसानं बॅट काखेत मारली आणि चालू लागला.

मंडळातून हाका सुरू झाल्या. "अहो साहेब! कुठे चाललात? नाबाद दिलंय!" खजिनदार तर अक्षरशः हात जोडून मागे धावले. यांनी त्यांना काहीतरी सांगितलं, हेल्मेट-बिल्मेट तेव्हा नव्हतंच, टोपी काढली आणि येऊन बाकावर बसले. मागचे खेळाडू पटापट बाद झाले. मंडळ हरलं.

बाप्पा रे, काय एकेकाची तोंडं! सेक्रेटरी, ज्यांनी हे स्थळ आणलं, तेच म्हणाले, "रेल्वेवाल्यांनी फोडला असेल याला." पोह्यांची ताटली यांच्यापुढे कोणी नेईना. बाबा झाडाखालून उठून आले आणि माझ्या कानाशी म्हणाले, "बघितलंस? अंपायर राहा म्हणतो, हा निघून जातो. घोड्यावर बस म्हटलं तर बसत नाही, मैदानात राहा म्हटलं तर राहत नाही. पाणी मुरतंय."

मी ताटली उचलली आणि सरळ त्यांच्यापुढे जाऊन उभी राहिले. मंडळाचे पन्नास डोळे माझ्या पाठीवर. पण मला राग आला होता, आणि राग आला की मला लाज वाटत नाही.

"तुम्हाला बाद दिलं नव्हतं," मी म्हटलं. "मग काहून गेलात?"

"चेंडू ग्लोव्हला लागला होता."

"कोणी बघितलं होतं?"

"मला कळलं होतं."

"लोकांना दाखवायला केलंत?"

त्यांनी मैदानाकडे बघितलं. "लोक तर चिडले. दाखवून काय मिळालं?"

माझं समाधान झालं नाही. इतका सरळ माणूस असतो? असला तर त्याचा काहीतरी डाव असणार. म्हणून मी एकदम आडवं विचारलं, "माझ्या आधी कोणती मुलगी बघितली होती?"

"एक. पुण्याची. तिनं नकार दिला."

"का?"

"म्हणाली, याच्याशी बोलायचं काय?"

"आणि मी? माझ्याबद्दल काय वाटतं?"

पोह्यांचा घास तसाच ठेवून ते म्हणाले, "तुम्ही फार संशय घेता. पण मला आवडता."

इश्श वगैरे मला येत नाही. पण कानाच्या पाळ्या गरम झाल्या, ते आठवतंय. घरी येऊन मी बाबांना सांगितलं, "लग्न करीन तर यांच्याशी. हा माणूस नसलेला घोडा दाखवत नाही आणि लागलेला चेंडू लपवत नाही. तुम्हाला बसणारा जावई हवा असेल तर अधारतालला शोधा, माझ्यासाठी नको." बाबा दोन दिवस जेवायला वेगळे बसले. मग आईला म्हणाले, "पोरगी ऐकून नाही राहिली. पण माझी शंका लिहून ठेव."

मार्गशीर्षात लग्न झालं. नवरदेव जीपमधून आले. बाबा मांडवात जो भेटेल त्याला सांगत होते, की घोडीची सोय केली होती, पण जावई आधुनिक आहेत.

तुम्हाला वाटेल, माझा संशय त्या दिवशी संपला. कसला संपतोय! पहिली काही वर्षं मी डोळ्यांत तेल घालून होते. हे म्हणाले ऑफिसला उशीर झाला, की मी त्यांच्या हाताखालच्या जवानाला चहा पाजून विचारायची. म्हणाले सामन्यात शून्यावर बाद झालो, की मी मंडळात जाऊन खात्री करून यायची. खरोखर शून्यच. आमटी कशी झाली विचारलं, की म्हणायचे, "मीठ कमी आहे." साडी कशी दिसते? "कालची बरी होती." एकदा मी चिडून म्हटलं, "कधीतरी खोटं बोला हो माणसासारखं!" तर म्हणाले, "प्रयत्न करीन." माझ्या हाती कधी काही लागलं नाही. तपासून तपासून मीच थकले. एक दिवस माझ्या लक्षात आलं, की कितीतरी महिन्यांत मी त्यांच्या जवानाला चहाच पाजला नव्हता. मला फार हलकं वाटलं. एवढ्या मोठ्या जगात मला एक माणूस असा मिळाला होता, ज्याच्यामागे जाऊन बघायचं कारण नव्हतं. माझं सुख म्हणजे तेच होतं, दुसरं काही नाही.

मग त्यांना परत रेजिमेंटमध्ये बोलावलं. हे आता मेजर झाले होते. सरहद्दीकडच्या बातम्या वाईट होत्या, रेडिओभोवती सगळी गल्ली जमायची. आमची मुलगी तीन वर्षांची. मी गोरखपूरच्या भाड्याच्या घरात त्यांची ट्रंक भरत होते. शेवटी विचारलंच.

"रणगाड्यात बसावं लागेल?"

"नाही," ते म्हणाले. "मी मागे. नकाशे आणि टेलिफोन. माझ्या वयाच्या माणसाला आता आत कोंबत नाहीत."

"नक्की?"

"नक्की."

मी ट्रंकेचं झाकण लावलं.

लढाई सुरू झाली. छावणीतल्या बायकांची काय अवस्था होती! एक उपास धरून बसलेली, एक दिवसभर देवळात. मी त्यांच्याकडे जाऊन धीर द्यायची, खिचडी करून घालायची, आणि सांगायची, "आमचे मागे आहेत, ऑफिसात. आम्हाला काळजी नाही." मी रोज शाळेत गेले, पानिपत शिकवलं, रात्री शांत झोपले. हो, झोपले. बाबा रेडिओ ऐकून येऊन विचारायचे, "जावई खरंच मागे आहेत ना?" मी म्हणायची, "बाबा, ते खोटं बोलत नाहीत. आता तरी शंका पुरे करा."

एका दुपारी तार आली. जखमी, लष्करी इस्पितळात दाखल.

बाबांनी ती चष्मा पुसून पुन्हा वाचली आणि म्हणाले, "ही आपली नाही. नावात घोळ केला असेल कोणी. टेलिफोनवर बसलेल्या माणसाला जखम काहून होईल?" आयुष्यात पहिल्यांदा बाबांची शंका मला अगदी पटली. मुलीला आईकडे ठेवलं आणि आम्ही दोघं निघालो. गाडीभर मी बाबांना समजावत होते, की चुकीची तार आहे, दुसऱ्याच कोणाची आहे, आपण भेटून दोन दिवसांत परत येऊ. माझ्या डब्यात त्यांच्यासाठी शंकरपाळे होते.

वॉर्डात हे शेवटच्या खाटेवर होते. दोन्ही हात कोपरापर्यंत बांधलेले, भुवया जळून गेलेल्या. नर्सनं सांगितलं, रणगाडा पेटला होता, वरच्या झाकणातून बाहेर निघताना हात भाजले. बोटं वाचतील, पण मूठ पूर्वीसारखी वळणार नाही. म्हणजे बॅट गेली.

बाबा खाटेच्या पायथ्याशी उभे राहिले. जावयाचे बांधलेले हात बघून ते बाहेर निघून गेले. मला रडायला यायला हवं होतं. मला आला तो संताप. ते जिवंत आहेत हे डोळ्यांना दिसलं, आणि मग तो सगळा उसळून वर आला.

"मागे आहे म्हणालात!" मी म्हटलं. शेजारच्या खाटेवरचा जवान वळून बघायला लागला, बघू दे. "नकाशे म्हणालात, टेलिफोन म्हणालात! तुम्ही? तुम्ही खोटं बोललात? जन्मात कधी नाही बोललात आणि नेमकं हेच काहून?"

त्यांनी मान माझ्याकडे वळवली. चेहरा सुजलेला, ओठ फुटलेले, शब्द एकेक करून येत होते.

"मला वाटलं," ते म्हणाले, "तू विश्वास ठेवणारच नाहीस."

मी डब्याचं झाकण उघडलं. शंकरपाळा मोडून त्यांच्या तोंडात घातला. त्यांचे हात बांधलेले होते, म्हणून त्यांचे डोळे मीच पुसले. आणि त्यांना सांगितलं, की मी रोज रात्री शांत झोपले.